वीस मैल

गिरणीमालकाला कामगारांचा कळवळा आला की आपण आधी त्याचे हिशेब तपासतो. सवय चांगलीच आहे. जॉन फील्डनने मात्र आपला हिशेब स्वतःच चारचौघांत मांडला.

इंग्लंडात लँकेशर आणि यॉर्कशर यांच्या सीमेवरच्या टॉडमॉर्डनमध्ये १७८४ साली तो जन्मला आणि दहाव्या वर्षी वडिलांच्याच सूतगिरणीत कामाला लागला. पुढे फील्डन बंधूंचा कारखाना देशातल्या मोठ्या कापूस कारखान्यांत गणला जाऊ लागला, आणि १८३२ मध्ये जॉन ओल्डहॅमचा खासदार झाला. मँचेस्टरच्या एका सभेत त्याने ऐकले, की तुटलेले धागे सांधत यंत्रामागे धावणारे पोर दिवसाला चोवीस मैल चालते. त्याला ते पटेना. घरी परतल्यावर तो आपल्या गिरणीत गेला आणि घड्याळ समोर ठेवून एका मुलीचे काम पाहत राहिला. दिवसाचा हिशेब केला, तर तो वीस मैलांच्या खाली येईना. १८३६ मध्ये त्याने हे पार्लमेंटमध्ये सांगितले.

लहानपणी तो स्वतः गिरणीत राबला होता. तरी त्याने आठवणीवर भिस्त ठेवली नाही. ठेवली असती तर फसला असता, कारण दरम्यान यंत्रांची गती वाढली होती. ‘आम्हीही लहानपणी राबलोच की’ हे मालकांचे आवडते उत्तर त्या घड्याळापुढे टिकत नव्हते.

मग आपल्या गिरणीत त्याने एकट्याने तास का कमी केले नाहीत? प्रश्न बोचरा आहे. पण एकट्याने वेळ कमी करणाऱ्याचे सूत शेजाऱ्याच्या स्वस्त सुतापुढे पडून राहते. म्हणून बंधन सगळ्यांवर हवे, आणि ते कायद्यानेच येते. याउलट शेजारच्या रॉचडेलचा गिरणीमालक खासदार जॉन ब्राइट. धान्यावरची जकात उठवण्यासाठी त्याने रान उठवले, पण कामाच्या तासांत सरकारने पडू नये यावर तो अडून बसला. गरिबाला स्वस्त भाकरी द्यायला निघालेल्या उदार माणसाला ती खाण्यापुरती फुरसत देणे जड गेले, याचे मला अजून नवल वाटते.

१८४६ मध्ये फील्डनचे दहा तासांचे विधेयक दहा मतांनी पडले. १८४७ मध्ये दहा तासांचा कायदा झाला, तोही फक्त स्त्रिया आणि अठरा वर्षांखालच्या मुलांसाठी. त्याच वर्षी फील्डनने ओल्डहॅमची जागा गमावली. मालकांनी पाळ्या विभागून कायद्याला बगल दिली; १८५० मध्ये साडेदहा तासांवर तडजोड झाली. ती पाहायला फील्डन नव्हता. १८४९ मध्येच तो वारला होता.

आपल्याकडे १८८१ चा फॅक्टरी कायदा आला, तेव्हा मुंबईचे मालक म्हणाले, हा लँकेशरच्या गिरण्यांचा आमच्याविषयीचा मत्सर. त्यात तथ्य होतेच. पण मत्सराने आणलेल्या कायद्यानेही सात वर्षांखालची मुले गिरणीबाहेर राहणार होती, हे सांगायला त्यांच्यातला कुणी घड्याळ घेऊन उभा राहिला नाही. मागणे कामगारांनाच मांडावे लागले. १८८४ मध्ये कामगार पुढारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी गिरणी कामगारांच्या सभा घेतल्या आणि साडेपाच हजार सह्यांचा अर्ज तयार झाला. त्यात रविवारची सुटी होती, दुपारी अर्धा तास विसावा होता, आणि काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्यास्ताला थांबावे, असेही मागणे होते.