दप्तरातील माप आणि हातातील ज्ञान

इटलीतील बोलोन्या येथे मुक्कामास असलेला प्रवासी जेव्हा एखाद्या पाकशाळेत १०० ग्रॅम मैद्याच्या आळ्यात एक अंडे फोडून स्वहस्ते कणीक तिंबू लागतो, तेव्हा ज्ञान वसते कोठे, हा पुरातन प्रश्न त्याच्यापुढे सहजच उभा राहतो. तेथील व्यापारमंडळाच्या दप्तरी १९७२ साली ताल्यातेल्ले नामक चपट्या शेवयांची शिजल्यानंतरची रुंदी ८ मिलिमीटर अशी रीतसर दाखल झाली. परंतु लाटलेली पोळी पुरेशी पातळ झाली की नाही, याचा निवाडा ते दप्तर करीत नाही, तो लाटणारीचा तळहातच करतो. शब्द ज्ञानाची सनद देतो, ताबा मात्र अभ्यासानेच मिळतो. आणि जी वस्तू घटकाभरात खाऊन संपायची, तिच्या ठायी एवढे अवधान ओतणे, हीच कदाचित अनासक्तीची पहिली दीक्षा होय.