तारखेच्या आदल्या संध्याकाळी

छत्रपती संभाजीनगरला जालना रोडवरच्या उच्च न्यायालयाच्या खंडपीठात अवमान याचिकेची तारीख लागली, की जिल्ह्याच्या कचेरीतल्या संचिकेला पाय फुटतात. निवृत्त शिक्षकाच्या वेतनश्रेणीचं प्रकरण घ्या. निकाल त्याच्या बाजूनं लागलेला असतो, तरी प्रत्येक खेपेला 'कार्यवाही सुरू आहे' एवढंच कानावर पडतं. मग सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी आदेश निघतो, जावक क्रमांक पडतो, आणि सकाळी सरकारी वकील तो न्यायमूर्तींपुढे ठेवतात. सोबत बिनशर्त माफीचं शपथपत्र. याचिका निकाली. गुरुजी आदेशाची प्रत पिशवीत घालून लातूरची एसटी धरतात, आणि त्यांच्याकडून तरी विषय मिटतो.

माझ्याकडून मिटत नाही. एका संध्याकाळी होणारं काम इतके दिवस कशानं अडलं होतं? 'तांत्रिक अडचण' म्हणावी, तर ती नोटीस येताच कशी सुटली? वेळेवर केलेलं पालन तेवढं निमूट असतं; आदल्या दिवशीचं पालन मात्र कबुलीजबाबच असतो.

1971 च्या कायद्यात अवमानाला जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही. माफी मनापासून वाटली तर तेही नाही. आज वर्ग एकच्या अधिकाऱ्याचा एका दिवसाचा पगार या दंडाहून जास्त भरतो! शिवाय तक्रार एका वर्षाच्या आत करायची. म्हणजे घाई करायची ती गुरुजींनी.

कायद्याला दात नाहीत असं मात्र नाही. मे 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं राज्याचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन विभागाचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एकेक महिन्याची कैद सुनावली. न्यायालयाचा आदेश डावलून आरागिरण्यांना परवानगी दिल्याचा ठपका होता. नाईक नवापूरचे, म्हणजे याच खंडपीठाच्या हद्दीतले. दोघांनीही माफी मागितली. न्यायालयानं ती मानली नाही. तिथं 'शासन' नावाच्या कुणाला बोलावून चालणार नव्हतं. संचिकेवर सह्या माणसांच्या होत्या.

एरवी हीच सही सापडत नाही. आदेश आला तेव्हा खुर्चीत एक साहेब, मुदत संपली तेव्हा दुसरे, नोटीस घेतात तिसरे, ज्यांची बदली गेल्या महिन्यातच इथं झालेली. माफी मागतात तेही हेच. आणि खरं सांगायचं तर त्यांची कीव येते.

जानेवारी 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं अधिकाऱ्यांना ऊठसूट हजर राहायला लावू नका, असं उच्च न्यायालयांना बजावलं. ते रास्तच आहे. साहेब न्यायालयात ताटकळले म्हणून गुरुजींच्या हाती काही पडत नाही. त्याऐवजी शपथपत्रात एक साधा तक्ता मागावा: निकालाची प्रत कचेरीत कधी आली, तेव्हापासून खुर्चीत कोण कोण होतं, आणि संचिका कुणाच्या टेबलावर किती दिवस होती.