पटकथेतला विधाता

1910च्या सुमारास मुंबईत धुंडिराज गोविंद फाळके यांनी ‘लाइफ ऑफ ख्राइस्ट’ नावाचा मूकपट पाहिला. पडद्यावर येशूचं चरित्र सरकत होतं आणि त्यांच्या डोळ्यांपुढे मात्र राम, कृष्ण, गोकुळ, अयोध्या येत होती, असं त्यांनीच पुढे लिहून ठेवलं आहे. दुसऱ्या खेळाला ते पत्नी सरस्वतीबाईंनाही घेऊन गेले. भारतीय चित्रपटाचं मूळ असं देवाच्या चित्रपटात आहे, हे आपण कौतुकानं सांगतो. त्यातून उद्भवलेली अडचण मात्र कोणी फारशी सांगत नाही. कॅमेऱ्याला चमत्कार फार स्वस्तात जमतात. कॅमेरा थांबवला, चौकटीत एक नट आणून उभा केला, कॅमेरा पुन्हा सुरू केला की देव प्रकट झाला. फाळक्यांचा हात या कामात वाकबगार होता आणि प्रेक्षकही हात जोडायला तयारच बसलेला होता.

त्यांचा पहिला चित्रपट ‘राजा हरिश्चंद्र’ (1913). राज्य गेलं, बायको-मुलाची ताटातूट झाली, राजा स्मशानात राबला, आणि शेवटी देवानं येऊन सांगितलं की ही सगळी परीक्षा होती. रोहिदास जिवंत, राज्य परत. कथा पुराणातली आहे, तिला नावं ठेवण्यात अर्थ नाही. पण तिनं आपल्या चित्रपटाला एक सवय लावली. सोसलेल्याची पै न् पै शेवटच्या रिळात चुकती व्हायची, आणि तिला आपण देवाची दया म्हणायचं. खरं पाहता हा हिशेब झाला. कमावलेलं परत मिळालं, तर त्यात कृपा कुठली?

चित्रपटाची याहून मोठी पंचाईत पुढेच आहे. घाटात दरीत गेलेली एसटी ज्याची पाच मिनिटांनी चुकली, तो घरी येऊन देवापुढे साखर ठेवतो आणि आपण त्याला हसत नाही. तीच घटना पडद्यावर आली की आपल्याला ठाऊक असतं, गाडी पटकथाकारानं चुकवली. चित्रपटातला प्रत्येक योगायोग कोणीतरी कागदावर लिहिलेला असतो, निर्मात्यानं मंजूर केलेला असतो, संकलकानं नेमक्या जागी जोडलेला असतो. त्या जगाचा विधाता पगारी आहे. मग देवाचा हात दाखवायचा झाला, तर तो लेखकाचा हात वाटू नये यासाठी दिग्दर्शकानं काय करावं? भक्तिपटांच्या शतकभराच्या इतिहासात हा प्रश्न फार थोड्यांना पडलेला दिसतो.

मनमोहन देसाईंना तो पडला नव्हता, आणि ते एका अर्थी बरंच झालं. ‘अमर अकबर अँथनी’त (1977) साईबाबांच्या मूर्तीच्या डोळ्यांतून दोन ज्योती निघतात आणि निरुपा रॉयच्या आंधळ्या डोळ्यांत शिरतात. तिला दिसू लागतं. थिएटरात टाळ्या पडतात. इथं कृपेचा आव नाही, जत्रेतला आनंद आहे आणि तो खरा आहे. ‘दीवार’मध्ये (1975) सलीम-जावेद यांनी जरा अधिक गुंतागुंत केली. लहानपणापासून देवळाच्या पायऱ्या न चढलेला विजय आईसाठी मूर्तीपुढे उभा राहतो आणि मागणं मागण्याआधी भांडतो. माझ्या पापाची शिक्षा तिला का, हा त्याचा सवाल आहे. आई बरी होते, तो स्वतः वाचत नाही. त्याचा 786 नंबरचा बिल्ला ऐन वेळी हातातून निसटतो. इथंही हिशेब आहेच, पण निदान देवाला जाब विचारणारा एक माणूस पडद्यावर आला. पुढचं सारं मला याच धाग्यानं बोलायचं आहे.

कारण जाब विचारणारी बाई त्याआधी चाळीस वर्षं मराठी पडद्यावर येऊन गेली होती. प्रभातचा ‘संत तुकाराम’ 1936चा. दिग्दर्शक विष्णुपंत दामले आणि साहेबमामा फत्तेलाल. तुकाराम झाले विष्णुपंत पागनीस, जे रंगभूमीवर स्त्रीभूमिका करून आलेले होते. जिजाई झाली गौरी. 1937 साली व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला, म्हणून त्याचं नाव अजून पाठ्यपुस्तकी थाटात घेतलं जातं. त्यातल्या चमत्कारांबद्दलही भरपूर लिहिलं गेलंय. गाथा इंद्रायणीतून वर येते, कीर्तनात बसलेल्या शिवाजीराजांना शोधायला आलेल्या शत्रूला जो तो शिवाजीच दिसू लागतो, शेवटी विमान येतं. हे सारं फाळक्यांच्याच वाटेवरचं आहे, फक्त कारागिरी अधिक सफाईदार.

माझ्या लेखी त्या चित्रपटाचं मर्म जिजाईपाशी आहे. घरात दाणा नाही, पोरं भुकेली, नवरा उसाची मोळी घेऊन निघतो आणि वाटेत भेटलेल्या पोरांना वाटून टाकतो. त्याच्या उदारपणाचं बिल हिच्या चुलीपाशी येतं. मग पोर आजारी पडतं. नवरा विठ्ठलाचं नाव घेत बसलेला. ती पोराला एका हातानं ओढत, दुसऱ्या हातात पायताण घेऊन थेट देवळात शिरते आणि विठोबावर तुटून पडते. नवऱ्याला वेड लावलंस ते लावलंस, आता पोराच्या मुळावर आलास का, असा तिचा सूर. गौरीचा आवाज इथं पट्टीच्या नटीसारखा घोटून तयार केलेला नाही. पाणवठ्यावरच्या भांडणात ऐकू यावा तसा तो फाटतो. पोर बरं होतं.

हाही चमत्कारच की, असं कोणी म्हणेल. हो. पण त्याची जात वेगळी आहे. जिजाईनं नवस बोललेला नाही, व्रत केलेलं नाही, नामस्मरण केलेलं नाही. तिनं देवाला शिव्या घातल्या आहेत. जे मिळालं त्यावर तिचा कुठलाही हक्क लेखकानं आधी तयार करून ठेवलेला नाही, आणि म्हणूनच तिथं लेखकाचा हात दिसत नाही. तुकोबांना जे मिळतं ते त्यांच्या भक्तीच्या तोलाचं वाटतं. जिजाईला जे मिळतं ते कुठल्याच तराजूत बसत नाही. त्यातून ती सुधारतही नाही. दुसऱ्या दिवशी तिची भांडणं चालूच. शेवटी विमान वर जातं तेव्हा ती इथंच राहते, संसारात, आणि दिग्दर्शकांनी तिला तिथं ठेवली यात त्यांचं मोठेपण आहे.

डॅनिश दिग्दर्शक कार्ल थिओडोर ड्रायर यांनी हे पाहिलं असेल असं मानायला काहीच आधार नाही. पण 1955च्या त्यांच्या ‘ऑर्डेट’मध्ये (म्हणजे ‘शब्द’) मला जिजाईचं सासर दिसतं. पश्चिम जटलंडमधलं शेतकरी घर. म्हातारा मॉर्टन बोर्गन, त्याचे तीन मुलगे. थोरला मिकेल नास्तिक. मधला योहानेस धर्मशास्त्र शिकता शिकता भ्रमिष्ट झालेला, स्वतःला येशू समजणारा. धाकट्या अँडर्सला गावच्या शिंप्याची मुलगी हवी, पण शिंप्याचा पंथ निराळा, म्हणून दोन्ही बापांचा नकार. घर धरून ठेवलंय ते मिकेलच्या बायकोनं, इंगरनं. ती बाळंतपणात जाते, बाळही जातं.

हे मूळ नाटक काय मुंक या पाद्र्यानं लिहिलेलं. पुढे 1944 साली गेस्टापोनं त्याला गोळ्या घालून मारलं. ड्रायर यांनी चित्रीकरणासाठी मुंकचाच परगणा गाठला. दोन तासांच्या चित्रपटात शंभर-सव्वाशेच शॉट्स. कॅमेरा खोलीतून हळूहळू फिरतो, माणसं उठतात, कॉफी ओततात, धर्मावर वाद घालतात. चमत्कार आता होत नसतात, असं सांगायला एक डॉक्टर आहे. गंमत म्हणजे पाद्रीही जवळपास तेच सांगतो. प्रेक्षकाच्या मनात येणारी प्रत्येक शंका ड्रायरनं आधीच कोणाच्या तरी तोंडी घालून ठेवली आहे.

शेवटी पांढऱ्या खोलीत शवपेटी. तिचा आत्मा देवापाशी आहे, असं म्हातारा मुलाला समजावतो. आपलं तिच्या देहावरही प्रेम होतं, असं मिकेल उत्तर देतो. सांत्वनाच्या साऱ्या घिश्यापिट्या वाक्यांना या एका उत्तरानं अडवून धरलंय. त्याआधी हट्टी शिंपी येऊन आपली मुलगी या घरात देऊन गेलेला असतो. म्हणजे माणसांनी एकमेकांना माफ करण्याचं काम अगोदरच उरकलेलं आहे, त्यासाठी देवाला कोणी तसदी दिलेली नाही. मग भानावर आलेला योहानेस परत येतो आणि जमलेल्या श्रद्धाळूंना झापतो की तुमच्यापैकी एकालाही तिला परत मागावंसं वाटलं नाही. इंगरची छोटी मुलगी त्याचा हात धरून उभी आहे, तिला मात्र शंका नाही. बोटं हलतात.

इथं वीज नाही, धूर नाही, कॅमेऱ्याची करामत नाही. बाई उठते आणि नवऱ्याला अशी बिलगते, त्याचं चुंबन असं घेते, की पाहणाऱ्याला अवघडल्यासारखं होतं. भुकेल्या माणसानं अन्नावर पडावं तसं ते आहे. मग ती बाळाची चौकशी करते. बाळ परत आलेलं नाही. एक जीव मिळाला, एक नाही मिळाला, आणि का ते कोणी सांगत नाही. हरिश्चंद्राच्या शेवटाशी हे ताडून पाहा. हिशेब जुळवला असता तर बाळ रडलं असतं आणि चित्रपट मेला असता.

रोबेर ब्रेसाँ या फ्रेंच दिग्दर्शकानं उलटा रस्ता धरला. ‘अ मॅन एस्केप्ड’ (1956) या चित्रपटाच्या नावातच शेवट सांगून टाकलाय की माणूस निसटला. त्याचं जोडनाव बायबलातून आलेलं आहे, वारा वाटेल तिकडे वाहतो अशा अर्थाचं. 1943 साली ल्याँ शहरातल्या मोंलुक तुरुंगातून आँद्रे दव्हिन्यी हा फ्रेंच लढवय्या पळाला, त्याची ही हकिकत. पडद्यावरचा कैदी फोंतेन लोखंडी चमचा फरशीवर घासून त्याची पटाशी करतो आणि दाराच्या फळ्या दिवसचे दिवस पोखरतो. पलंगाची तार आणि कापडाच्या पट्ट्या पिळून दोर वळतो, कंदिलाच्या चौकटीचे आकडे करतो. चित्रपटभर आपल्याला हातच दिसतात, लाकडाचा भुगा दिसतो, बाहेर पहारेकऱ्याच्या बुटांचा आवाज येतो. देवाचं नाव फारसं कोणी घेत नाही. एक कैदी पाद्री घेतो, पण त्यालाही ठाऊक आहे की प्रार्थनेनं फळी निघत नाही.

याआधी ओर्सिनी नावाचा कैदी पळायचा प्रयत्न करतो, पकडला जातो, मारला जातो. मरण्यापूर्वी फोंतेनला सांगून जातो की भिंतीला आकडे लागतील. शेजारच्या कोठडीतला म्हातारा पुढे म्हणतो की तुला यश यावं म्हणून ओर्सिनीला अपयश यावं लागलं. हे ऐकताना अंगावर काटा येतो, आणि तो श्रद्धेनं येत नाही. एकाची सुटका दुसऱ्याच्या मुडद्यावर उभी राहावी, ही कसली दैवी योजना? ब्रेसाँ उत्तर देत नाही. म्हाताऱ्याचं वाक्य खोडतही नाही.

मग ऐन वेळी फोंतेनच्या कोठडीत जोस्त हा सोळा वर्षांचा पोर आणून टाकतात. अंगावर अर्धा फ्रेंच, अर्धा जर्मन गणवेश. हेर असू शकतो. त्याला मारावं की बरोबर घ्यावं, एवढाच पर्याय. फोंतेन बरोबर घेतो. छपरावरून उतरल्यावर एक भिंत अशी येते की तिच्यावर एकट्याला चढणं अशक्य. जोस्तच्या पाठीवर पाय दिल्याशिवाय वर जाता येत नाही. दया केली होती फोंतेननं, आणि भिंतीपाशी आल्यावर कळतं की ती त्याच्यावरच झाली होती. पटकथेत हा योगायोग लिहिलेलाच आहे, हे मान्य. पण तासभर चमच्यानं फळी पोखरताना पाहिल्यावर तो योगायोग कोणी फुकट वाटलेला वाटत नाही.

या साऱ्याला पोलिश दिग्दर्शक किएश्लोव्स्कीच्या ‘डेकलॉग’ मालिकेतला पहिला भाग चोख उत्तर देतो. पोलंडमधला एक प्राध्यापक बाप तळ्यावरचा बर्फ किती वजन पेलेल याचा संगणकावर हिशेब करतो, रात्री स्वतः जाऊन खात्री करून येतो आणि मुलाला स्केटिंगची परवानगी देतो. बर्फ फुटतो. का फुटला, चित्रपट सांगत नाही. विज्ञानाचा गर्व उतरवला, असा त्याचा अर्थ काही समीक्षकांनी लावला. मला तो अन्यायाचा वाटतो. पोराला बुडवून बापाला धडा शिकवणारा देव कोणाला हवाय? बाप अर्धवट बांधलेल्या चर्चमध्ये जाऊन वेदी उलथून टाकतो. मेणबत्त्यांचं मेण मेरीच्या चित्रावर सांडतं आणि तिच्या गालावरून ओघळतं. तिनं अश्रू ढाळले की मेण वितळलं, हे ज्याचं त्यानं ठरवायचं. जिजाई पायताण घेऊन गेली, हा वेदी उलथतो. तिचं पोर उठलं, याचं उठत नाही. दोघांचा देवावरचा हक्क सारखाच.

देवाची दया पडद्यावर पटायची तर तिच्या आधी हा राग पटावा लागतो, असं मला वाटतं. जिथं कोणी भांडलेलं नाही, तिथं मिळालेली कृपा म्हणजे पटकथाकाराची मेहेरबानी. उमेश कुलकर्णींच्या ‘देऊळ’नं (2011) गाय शोधायला गेलेल्या केशाला दत्त दिसल्यावर गावानं त्या दर्शनाचं दुकान कसं मांडलं, ते नेमकं दाखवलं. पण आजच्या भक्तिपटांनी त्यातून फारसं काही घेतलेलं नाही. त्यांत देव पहिल्या रिळापासून हजर असतो, पार्श्वसंगीत त्याची वर्दी देत राहतं, आणि संतांच्या बायका गोऱ्यापान, समजूतदार, पतीच्या पायाशी बसलेल्या असतात. पायताण घेतलेली जिजाई आज कोणी लिहिली, तर भावना दुखावल्याची तक्रार ट्रेलरलाच येईल, आणि निर्माता ते दृश्य मुकाट्यानं कापेल.

1936 सालच्या प्रेक्षकांची भक्ती आपल्यापेक्षा कमी नव्हती. त्यांनी ते दृश्य पाहिलं, आणि ‘संत तुकाराम’ मुंबईत एकाच थिएटरात वर्षभर चालवला.