फिर्याद न वाचता कोर्टात उभे राहता?

पुस्तकं मिटा आणि इकडे बघा. एलएलबीच्या शेवटच्या वर्षाला आहात. थोड्याच दिवसांत सनद घेऊन खऱ्या कोर्टात उभे राहाल. काल मूट कोर्टात ॲट्रॉसिटीच्या प्रकरणातल्या अटकपूर्व जामिनावर तुमचे युक्तिवाद ऐकले आणि तुमच्या भावी पक्षकारांची काळजी वाटली.

आधी आरोपीचे वकील. तुमचं पहिलंच वाक्य : ‘या केसेस बहुतेक खोट्याच असतात.’ हा युक्तिवाद झाला की पारावरच्या गप्पा? पुढचा सगळा वेळ तुम्ही गावातलं राजकारण, फिर्यादीला झालेला उशीर आणि डॉक्टरांच्या दाखल्यातली विसंगती यात घालवलात. तो साक्षीपुराव्याचा विषय आहे, त्याची जागा खटल्यात. १९८९च्या ॲट्रॉसिटी कायद्याचं कलम १८ उघडलं होतंत का? या कायद्याखालच्या गुन्ह्याच्या आरोपात अटकपूर्व जामिनाची तरतूद लागू होत नाही, असं ते स्वच्छ सांगतं. आणि तुमच्या अर्जावर अजून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ४३८! ती तरतूद १ जुलै २०२४ पासून नागरिक सुरक्षा संहितेच्या ४८२मध्ये गेली, याचाही पत्ता नाही.

ही बंदी का घातली, हे तरी विचारलंत? १९९५ साली बलोथिया प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ती वैध ठरवली, तेव्हा कारणही दिलं : आरोपी मोकळे राहिले तर पीडितांना धमकावतील, तपासात खोडा घालतील. फिर्याद देणारा माणूस त्याच गावात, त्याच वस्तीत राहतो. रात्री त्याच्या दारावर कोण थाप मारेल, याचा विचार करून कायदा लिहिला गेला आहे.

आता फिर्यादीचे वकील, हसू नका. तुम्ही ‘कलम १८’ एवढं म्हणालात आणि खाली बसलात. ‘घटना कुठे घडली?’ असं न्यायाधीशांनी विचारल्यावर एकमेकांची तोंडं बघत राहिलात. उत्तर तुमच्याच हातातल्या फिर्यादीत होतं : एसटी स्टँडसमोर, सकाळी, दोन साक्षीदारांसमक्ष. ‘लोकांच्या नजरेसमोर’ ही जातिवाचक अपमानाच्या गुन्ह्याची अटच आहे. चार भिंतींच्या आत, बाहेरचं कुणी नसताना झालेला अपमान त्यात बसत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली उत्तराखंडच्या हितेश वर्मा प्रकरणात म्हटलं. तुमची बाजू भक्कम होती. न वाचल्यामुळे ती तुम्ही घालवलीत.

२०१८चा इतिहासही कुणाला सांगता आला नाही. खटला आपल्याच कराडचा. शासकीय औषधनिर्माण महाविद्यालयातल्या कर्मचाऱ्याच्या गोपनीय अहवालातल्या शेऱ्यांवरून सुरू झालेला. त्यातून आलेल्या सर्वोच्च न्यायालयाच्या २० मार्चच्या निकालाने अटकपूर्व जामिनाची वाट रुंद केली आणि अटकेआधी परवानगीची अट घातली. त्याविरुद्ध २ एप्रिलला भारत बंद झाला, माणसं मेली. ती वाट पुन्हा बंद करायला संसदेने त्याच वर्षी कलम १८अ आणलं. १० फेब्रुवारी २०२० रोजी पृथ्वीराज चौहान प्रकरणात ते वैध ठरलं. पण फिर्यादीवरून प्रथमदर्शनी गुन्हाच दिसत नसेल, तर बंदी आड येणार नाही, हेही न्यायालयाने सांगितलं.

म्हणजे या टप्प्यावर प्रश्न एकच : फिर्याद आहे तशी वाचली, तर या कायद्याखालचा गुन्हा दिसतो का? तो दिसला नाही म्हणून ऑगस्ट २०२४मध्ये केरळच्या एका यूट्यूब वाहिनीच्या संपादकाला अटकपूर्व जामीन मिळाला. तो दिसला म्हणून १ सप्टेंबर २०२५ रोजी धाराशिव जिल्ह्यातल्या, मतदानाच्या वादातून घराबाहेर झालेल्या मारहाणीच्या प्रकरणात उच्च न्यायालयाने दिलेला जामीन सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. जामिनाच्या अर्जावरच छोटेखानी खटला चालवू नका, असंही बजावलं. काल आरोपीच्या वकिलांनी नेमकं तेच केलं.

सगळ्यात मोठी चूक दोन्ही बाजूंची. फिर्यादीला नोटीस गेली का, हे एकानेही विचारलं नाही. कलम १५अ त्याला जामिनाच्या सुनावणीची सूचना मिळण्याचा आणि तिथे आपलं म्हणणं मांडण्याचा हक्क देतं. हरिराम भांभी प्रकरणात २०२१ साली न्यायालयाने तो पाळणं बंधनकारक मानलं. ज्याचा अपमान झाला, त्यालाच तुम्ही बाहेर उभं ठेवलंत.

एकाचं स्वातंत्र्य आणि दुसऱ्याची माणूस म्हणून असलेली किंमत, दोन्ही फिर्यादीच्या कागदावर पणाला लागलेली असतात. तो न वाचता बोलणं हा आळस मी खपवून घेणार नाही.

सोमवारी बाजू बदलून उभं राहायचं. फिर्यादीतलं प्रत्येक वाक्य कोणत्या कलमात बसतं किंवा का बसत नाही, हे स्वतःच्या हाताने लिहून आणा. गाईडमधून उतरवलेलं मला लगेच कळतं. ज्याने लिहून आणलं नाही, त्याला मी बोलायला उभं करणार नाही.