रानाची साक्ष

खानापूर तालुक्यातील भीमगड आज घनदाट रानात जवळजवळ बुडून गेला आहे. शिवकाळात याच रानाच्या दुर्गमतेवर विसंबून येथे किल्ला नांदला. रान तेव्हा माणसाची तटबंदी होते. इंग्रजी अमलात तेच इमारती लाकडाचे कोठार ठरले. 1 नोव्हेंबर 1956 रोजी ते म्हैसूर राज्यात गेले आणि 2011 साली सुमारे 190 चौरस किलोमीटरचे अभयारण्य म्हणून जाहीर झाले. माणसाची गरज बदलली, तशी ही नावे बदलत गेली. रानाने यांपैकी एकही स्वतःहून घेतलेले नाही. देगावजवळ उगम पावणारी म्हादई राज्याची सीमा न विचारता गोव्यात उतरते. बारापेडेच्या गुहांतील राउटनचे वटवाघूळ 1913 साली शास्त्राच्या नोंदीत आले. त्याचा तेथील वास मात्र त्या नोंदीहून जुना आहे.

मग रानाच्या वतीने निवाडा कोणी करावा? हा प्रश्न आता केवळ तात्त्विक राहिलेला नाही. अभयारण्यातील तळेवाडीच्या काही कुटुंबांना 2025 साली स्थलांतराच्या भरपाईचे धनादेश देण्यात आले. पावसाळ्यात तुटणारी वाट आणि आजाऱ्याला खांद्यावरून नेण्याची पाळी, हे ज्यांच्या नित्याचे आहे, त्यांना बाहेर पडावेसे वाटले तर नवल नाही. त्यांच्या संमतीचा आदर केलाच पाहिजे. परंतु रस्ता आणि दवाखाना यांच्या अभावातून आलेली संमती कितपत मुक्त मानावी?

रान राखायचे तर माणसाचा वावर कमी व्हावा, हे म्हणणे खोटे नाही. एकांगी आहे तो हिशेब. रानात राहणाऱ्याची प्रत्येक मोळी मोजली जाते. आपल्या जुन्या वाड्यांच्या तुळया आणि खानापूर-लोंढ्यावरून गोव्याकडे जाणाऱ्या महामार्गाच्या रुंदीकरणात पडलेली झाडे त्या हिशेबात आपल्या नावावर मांडली जात नाहीत.

न विचारता ओढलेली रेषा किती बोचते, हे आपण सीमाभागातील माणसे अनुभवाने जाणतो. म्हणून हा प्रश्न आपण तरी टाळू नये. तळेवाडीची माणसे रानासाठी घर सोडणार असतील, तर त्याच रानासाठी आपण काय सोडणार, हे ठरविल्यावाचून त्यांचे कौतुक करण्याचा अधिकार आपल्याला पोहोचत नाही.