डोंगर, डोली आणि खांदा

गिरनारच्या पायथ्याला माणसाचं वजन करतात. ज्याला पायऱ्या चढवत नाहीत त्यानं डोलीत बसायचं. डोली म्हणजे दांडीला दोरांनी टांगलेली बसायची चौकट. पुढं-मागं माणसं, त्यांच्या खांद्यावर दांडी. भाडं वजनावर. किलो वाढले की भाडं वाढतं, आणखी वाढले की दोनाचे चार खांदे लागतात. देवाकडं जायची वाट, पण सुरुवात काट्यापासून.

मी दुधनीचा. आमच्या गावाला काटा नवा नाही. बाजार समिती, आडती, तुरीची पोती आणि ती उचलणारे. माझा बाप आडतीत हमाली करायचा. क्विंटलचं पोतं पाठीवर घेऊन फळीवरनं ट्रकमध्ये चढायचा. त्याच्या मानेवरचा घट्टा मी लहानपणी बोटानं दाबून बघायचो. त्याला ते कळायचंसुद्धा नाही. तेव्हा ओझं म्हणजे काय, हे मला कुणा विचारवंतानं शिकवायची गरज पडली नाही. पण ओझ्यामागचा प्रश्न गिरनारवर नव्यानं समोर आला. तो चळवळीतल्या पोरांपुढं मांडावा म्हणून हे लिहितोय.

आमचा पट्टा दत्ताचा. एका अंगाला अक्कलकोट, दुसऱ्या अंगाला रेल्वेनं पुढं गेलं की गाणगापूर. इथल्या भक्ताला गिरनारची ओढ असतेच. आता तर सगळं सोपं झालंय. सहलवाले तिकिटं काढतात, खोली देतात, सोबत गाईड देतात. २०२० च्या ऑक्टोबरात अंबाजीच्या टप्प्यापर्यंत रोपवे सुरू झाला. दहा हजार पायऱ्या म्हणतात, त्यातल्या निम्म्या बसल्या जागी संपतात. मी काही दत्तभक्त नाही. ब्रह्मा, विष्णू, महेश यांना देव मानणार नाही, ही बाबासाहेबांनी १९५६ ला नागपुरात दिलेली पहिलीच प्रतिज्ञा. आणि दत्त म्हणजे तर या तिघांची एकत्र मूर्ती. पण कचेरीतल्या दोस्ताची आई जाणार होती, त्याला रजा नव्हती, म्हातारीला सोबत पाहिजे होती. मी गेलो.

त्या दिवशी वारा सुटला आणि रोपवे बंद. म्हातारीचे गुडघे गेलेले. डोली ठरली. काट्यावर उभं केलं तेव्हा ती मला हळूच म्हणाली, "लेकरा, मी काय तुरीचं पोतं हाय का रे?" तिला लाज वाटली. ती लाज कशाची होती आणि कुणाला वाटायला पाहिजे, हाच माझा प्रश्न आहे.

यावर तीन उत्तरं तयार असतात.

पहिलं भक्ताचं. पायऱ्यांवर आमच्यातला एकजण म्हणाला, चालत जाईल त्यालाच खरं पुण्य; डोलीत बसणाऱ्याचं पुण्य वाहणाऱ्याला जातं. ऐकायला गोड. म्हणजे कष्ट हेच पुण्य. दोस्तहो, हे खरं असतं तर माझा बाप स्वर्गाचा आडत्या झाला असता आणि आपल्या आज्या, ज्यांनी जन्मभर लाकडाच्या मोळ्या आणि दुसऱ्याच्या शेतातले भारे वाहिले, त्या कुठल्या कुठं गेल्या असत्या. राबणाऱ्याला मजुरी कमी आणि पुण्य जास्त देणारी ही जीभ जुनीच आहे. हीच जीभ आपल्याला मागच्या जन्मीचं कर्म सांगत होती. बुद्धानं सहा वर्षं शरीर झिजवून बघितलं आणि त्यातनं काही हाती येत नाही म्हणून तो रस्ता सोडला. तेव्हा सोपं चढणं हे पाप नाही. म्हाताऱ्या बाईनं गुडघे फोडून घ्यावेत असं मी म्हणणार नाही. सुख वाईट नसतंच.

दुसरं उत्तर व्यवहाराचं. गाईड म्हणाला, त्यांचा धंदाच आहे, पैसे मोजले की विषय संपला. यात निम्मं खरं आहे. वेठीपेक्षा मजुरी शंभर पटीनं बरी. १९२८ च्या मार्चमध्ये बाबासाहेबांनी मुंबईच्या कायदेमंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचं बिल आणलं, कारण महाराला रात्रंदिवस सरकारी काम आणि त्याचा मोबदला गावाच्या मर्जीवर. कामाला दाम हा आपलाच लढा. पण दाम दिला म्हणून माणसाचा खांदा विकत मिळत नाही. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेनं १९६७ च्या शिफारशीत एका माणसावरच्या ओझ्यासाठी ५५ किलोची रेघ मारली. माझ्या बापाच्या पाठीवर शंभर होते, आणि मजुरी तर त्याला रोज मिळत होती. हमालाचा प्रश्न नुसत्या मजुरीनं सुटला असता तर १९६९ चा माथाडी कायदा कशाला लागला असता? ओझ्याला हद्द, आजारपणाला आधार, म्हातारपणाला फंड हे आडत्यानं खुशीनं दिलेलं नाही. ते संघटनेनं भांडून घेतलंय.

तिसरं उत्तर आपलं. ते मला गावात परत आल्यावर ऐकायला मिळालं. सगळं थोतांड आहे, आपला काय संबंध? आपला संबंध असा, की अजिंठ्यालाही डोली आहे. लेण्यांच्या पायऱ्या चढवत नाहीत म्हणून आपलीही माणसं तिच्यात बसतात. आपल्यातही आता पेन्शन आहे, मोटार आहे, गुडघेदुखी आहे. यावं, बसावं, पण ध्यानात ठेवावं. देव बदलला, प्रतिज्ञा घेतल्या, तरी खालचा खांदा बदललाच असं नाही. धर्मांतर केलेल्या माणसाला बुद्धाच्या लेण्यात वाहून नेणारा माणूस कोण, हा प्रश्न थोतांडाचा नाही, आपल्या घरचा आहे.

आता त्याच डोंगराच्या पायथ्याची, गाईडनं न सांगितलेली गोष्ट सांगतो. जुनागढहून गिरनारकडं जाताना रस्त्याच्या कडेला एक भलीमोठी शिळा आहे. मी विचारलं तर म्हणाला, जुना दगड आहे, बघण्यासारखं काय नाही. दुसऱ्या दिवशी म्हातारी आराम करत होती, मी एकटा गेलो. तो दगड म्हणजे अशोकाचे चौदा लेख. ब्राह्मी लिपी, लोकांच्या बोलीतली भाषा. शेकडो वर्षं कुणाला वाचता येत नव्हते. १८३७ च्या सुमाराला प्रिन्सेपनं ती लिपी उलगडली. लाखो भक्त त्या दगडाशेजारनं वर गेले, आणि डोंगर कसा चढावा हे खालीच लिहून ठेवलेलं होतं!

आठव्या लेखात अशोक सांगतो की पूर्वीचे राजे मौजेच्या यात्रा करायचे, शिकार करायचे. अभिषेकाला दहा वर्षं झाल्यावर तो स्वतः बोधीच्या ठिकाणी गेला आणि तिथनं धम्मयात्रा सुरू झाली. या धम्मयात्रेत काय करायचं? श्रमण-ब्राह्मणांना भेटायचं, म्हाताऱ्यांना भेटून त्यांची सोय लावायची, गावोगावच्या साध्या माणसांना भेटायचं, धम्माविषयी सांगायचं आणि विचारायचं. किती पायऱ्या चढलास, पाय किती सुजले याचा हिशेब त्यात कुठंच नाही. वाटेत माणूस भेटला का, एवढाच हिशेब. नवव्या लेखात तो म्हणतो की लोक लग्नाला, आजारपणाला, प्रवासाला निघताना नाना विधी करतात, त्याचं फळ थोडं. खरं मंगल म्हणजे दासांशी आणि मजुरांशी नीट वागणं. मजूर हा शब्द मी घुसडलेला नाही. लेखातला भतक म्हणजे मोलानं राबणारा माणूस.

पण अशोकावर भाळून इथं थांबता येत नाही. दासाशी नीट वागा म्हणणाऱ्या राजाच्या राज्यात दास होतेच. मालक चांगला असणं वेगळं आणि मालक नसणं वेगळं. त्याच शिळेवर इसवी सन १५० चा रुद्रदामन राजाचा लेख आहे. सुदर्शन तलावाचा बंधारा वादळात फुटला, तो आपण पुन्हा बांधला. जादा कर लावला नाही, वेठ घेतली नाही, पैसा आपल्या खजिन्यातनं दिला, अशी त्याची बढाई. राजानं मी वेठ घेतली नाही म्हणून दगडावर कोरून ठेवावं, याचा अर्थ काय? घेणारे घेतच होते, आणि ती घेणं बरं नाही हेही ठाऊक होतं. बाराशे नाही, दीड हजार नाही, जवळपास एकोणीसशे वर्षांपासून ठाऊक होतं. तरी आपल्या आज्या-पणज्यांची वेठ सुटली नाही. ती राजाच्या मनाच्या मोठेपणावर सोडली होती म्हणून सुटली नाही. संविधानाच्या कलम २३ नं वेठबिगारीला गुन्हा ठरवलं. दया आणि हक्क यांच्यातलं अंतर मोजायचं असेल तर ती शिळा आणि ते कलम शेजारी ठेवून वाचा.

मग आता काय, डोल्या बंद करायच्या? वर चढताना मी पुढच्या डोलीवाल्याशी मोडक्यातोडक्या हिंदीत बोलत होतो. त्याची जात मी विचारली नाही. खांद्यावरचा घट्टा मला वाचता येत होता, माझ्या बापाचाच होता तो. मी म्हटलं, रोपवे झाला, बरं झालं ना, एवढं वाहायचं तरी टळलं. तो म्हणाला, वारा सुटला की आमची चूल पेटते. पुढं बोलला नाही, दम लागला होता.

यंत्राला नावं ठेवणाऱ्यांच्या रांगेत मी बसणार नाही. बाबासाहेबांनी १९४५ च्या पुस्तकात गांधीवादाचा समाचार घेताना सांगून ठेवलंय की यंत्रामुळंच माणसाला जनावरासारखं राबण्यातनं सुटका आणि फुरसत मिळते, आणि फुरसतीशिवाय संस्कृती नाही. तेव्हा माणसानं माणूस वाहणं थांबलंच पाहिजे. पण रोपवेनं ज्याचं ओझं उतरलं त्याची भाकरीही उतरली असेल, तर ती सुटका कुणाची झाली? बसणाऱ्याची लाज सुटली, एवढंच. २०२५ च्या ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानं माथेरानच्या हातरिक्षा सहा महिन्यांत बंद करायचा आदेश दिला. माणसानं माणसाला ओढणं प्रतिष्ठेला धरून नाही, हे सांगितलं. आणि ओढणाऱ्यांना ई-रिक्षा देऊन त्यांचं पुनर्वसन करा, हेही त्याच आदेशात सांगितलं. माझं उत्तर त्या दुसऱ्या वाक्यात आहे. दांडी खाली ठेवायला लावायची असेल तर आधी हाताला दुसरं काम द्या. नुसती दांडी काढून घेणं म्हणजे पोट मारून प्रतिष्ठा देणं.

आणि जोवर दांडी आहे तोवर? तोवर विचारायचं. सोपी चढण म्हणजे कष्ट नाहीसे झालेले नसतात; ते आपल्या पायातनं निघून दुसऱ्याच्या खांद्यावर गेलेले असतात. ते कुठं गेले हे विचारणं, त्याला मी धम्म म्हणतो. भाडं मोजलं त्यातलं वाहणाऱ्याच्या हातात किती पडलं? मधे कोण खातो? खांदा निखळला तर औषधाला कोण? म्हातारीनं वर पोचल्यावर त्या चौघांना आधी पाणी दिलं आणि मग पादुकांकडं गेली. मी तिच्या देवाला मानत नाही, पण ती त्या क्षणी कुठल्या लेखाप्रमाणं वागली ते मला माहीत आहे.

गाईडचंही तेच. सोबत वाट दाखवणारा असणं वाईट नाही. बुद्ध स्वतःला मोक्षदाता म्हणवून घेत नव्हता, मार्गदाता म्हणवून घेत होता. पण मार्गदाता आणि मुकादम यांतला फरक ओळखा. जो वाटेतला दगड वाचू देत नाही आणि वाहणाऱ्याशी बोलू देत नाही, तो मार्गदाता नाही. ही गोष्ट आपल्या पुढाऱ्यांनाही लागू आहे. तेही आपल्याला सोप्या वाटेनं नेतो म्हणतात, आणि त्यांची डोली आपल्याच खांद्यावर असते.

एक शेवटचं. अशोक बघायला गुजरातेतच जावं लागतं असं नाही. दुधनीहून जी लाईन वाडीला जाते, तिच्या पुढं भीमेच्या काठाला सन्नती आहे. तिथं १९८६ ला कालीच्या देवळाचं छत कोसळलं आणि मूर्तीच्या बैठकीखाली अशोकाचा लेख सापडला. अक्षरांच्या मधोमध भोक पाडून वर देवी बसवलेली. जवळच कनगनहळ्ळीच्या स्तूपात अशोकाची आकृती आणि त्याचं नाव दगडात कोरलेलं मिळालं. एवढ्या जवळ असून आमच्या गावात किती जणांना ठाऊक? पुढच्या हिवाळ्यात गावातल्या पोरांना घेऊन तिकडं जायचा विचार आहे. ज्यांना यायचंय त्यांनी कळवा. आपापली पिशवी आपण वाहायची. जो आपल्याला रिक्षानं नेईल, जी बाई वाटेत चहा करून देईल, जो तिथं दगडांची राखण करतो, त्या सगळ्यांशी बसून बोलायचं, त्यांना काय मिळतं ते विचारायचं आणि लिहून आणायचं. मग दगड वाचू.