चुकलेल्या मापांची साक्ष

1842 साली फ्लॉरेन्सच्या कला अकादमीच्या प्रदर्शनात जोव्हानी दुप्रे या पंचविशीतल्या शिल्पकाराने एक प्लास्टरचा पुतळा मांडला. बायबलमधला हाबेल, सख्ख्या भावाने मारून टाकलेला. सैलावलेलं अंग, बरगड्यांचा पिंजरा, मान टाकलेली; सगळं इतकं हुबेहूब की आधी लोक थबकले आणि मग कुजबूज सुरू झाली. हे घडवलेलं काम नव्हेच म्हणे, जिवंत माणसाच्या अंगावरून साचा काढलाय!

प्रकरण चौकशीपर्यंत गेलं. अकादमीची जाणती मंडळी आली. ज्या माणसाला समोर ठेवून दुप्रेने काम केलं होतं, त्याला कपडे उतरवून हाबेलसारखं निजवलं आणि कंपास लावून मापं घेतली. दंड, धड, मांडी, पोटरी. मापं जुळेनात. दुप्रे सुटला.

या निकालात एक विलक्षण गंमत आहे. अचूकपणामुळे ज्याचं नाव झालं, तो कलावंत ठरला तो मापं चुकली म्हणून!

हा पेच आला कुठून? शिल्पकार कानोव्हाच्या पिढीपर्यंत तो फारसा पडत नसे. मॉडेल मदतीपुरतं, शेवटचा शब्द ग्रीक मूर्तींचा. निसर्गात जे कमी पडेल ते ग्रीकांकडून उसनं आणायचं. या व्यवस्थेला धक्का दिला लोरेन्झो बार्तोलिनीने. हा प्रातोजवळच्या एका लोहाराचा मुलगा. 1839 मध्ये फ्लॉरेन्सच्या अकादमीत शिल्पकलेचा प्राध्यापक झाला आणि लगेच पुढच्या वर्षी त्याने वर्गात एक कुबडा माणूस आणून बसवला. विद्यार्थ्यांनो, हा घडवा. केवढा गहजब झाला! बार्तोलिनीचं म्हणणं साधं होतं: निसर्ग नीट पाहिला तर त्याला दुरुस्तीची गरज नाही. दोनच वर्षांनी हाबेल आला. ‘निसर्ग पाहा’ हा उपदेश कोणी खरंच शेवटपर्यंत पाळला तर काय होतं, ते तेव्हा दिसलं. उपदेश पचला होता, त्याचं फळ पचेना.

दुप्रे तसा अकादमीच्या मुशीतला नव्हेच. सिएनातल्या लाकूडकाम करणाऱ्याचा मुलगा, लहानपणापासून हातात पटाशी. त्याने कोरलेली एक पेटी सोळाव्या शतकातली म्हणून विकली गेली होती. म्हणजे आधी त्याचं काम जुन्या उस्तादाच्या नावावर गेलं आणि पुढे लोक म्हणाले, हे कोणाचंच काम नाही, हे निसर्गाचं. हात इतका तयार असला की त्याचं श्रेय हातालाच मिळत नाही.

खरं तर अंगावरून काढलेला साचा ओळखायला कंपास लागतच नाही. ओलं प्लास्टर जड असतं. त्याच्या भाराखाली मांस दबतं, मऊ भाग बसके होतात. शिवाय घट्ट होताना ते तापतं, आतला माणूस अंग आक्रसतो, श्वास धरून पडून राहतो. त्यामुळे साच्यातून निघालेलं शरीर तंतोतंत असूनही मलूल दिसतं. अंगावरची प्रत्येक सुरकुती त्यात उतरते. कोणती महत्त्वाची, हे मात्र साच्याला कळत नाही. परीक्षकांनी हा फरक डोळ्यांनी पाहायचा सोडून आकड्यांत शोधला, याचं मला अजून नवल वाटतं.

रशियाच्या झारची मुलगी मारिया, लॉयख्टेनबर्गची डचेस, हिने हाबेल संगमरवरात करवून घेतला. तो आज हर्मिटाज संग्रहालयात आहे. जोडीला हाबेलला मारणारा भाऊ काइनही झाला. पण विचार म्हणून पाहिलं तर दुप्रे त्यानंतर हळूहळू मागे सरकला. कानोव्हाने घडवलेला सहावा पोप पायस त्याने रोममध्ये पाहिला आणि सत्य व आदर्श यांचा मेळ घालता येतो असं त्याला वाटू लागलं. सिएनाच्या दफनभूमीसाठी केलेल्या ‘पिएता’त हा मेळ बसलाही, 1867 च्या पॅरिस प्रदर्शनात त्या कामाचा मोठा गौरव झाला. मात्र 1873 मध्ये तूरिनला उभं राहिलेलं कावूरचं स्मारक बघावं. जेमतेम बारा वर्षांपूर्वी वारलेला मुत्सद्दी, ज्याला तूरिनकरांनी रस्त्यातून चालताना पाहिलं होतं, तो प्राचीन रोमनासारखं वस्त्र पांघरून उभा, आणि समोर इटली स्त्रीरूपात गुडघे टेकून. लोकांनी टीका केली, आणि ती मला रास्त वाटते. हाबेल घडवणारा हात इथे घाबरलेला दिसतो. 1842 ची ती मापं त्याला आयुष्यभर पुरली असावीत, असा माझा तर्क.

नेमका तोच आरोप 1877 मध्ये फ्रेंच शिल्पकार रोदँवर आला, त्याच्या ‘कांस्ययुग’ या पुतळ्यामुळे. त्याने मॉडेलची छायाचित्रं पुढे करून आपली बाजू मांडली. पण पुढे त्याने काढलेली वाट दुप्रेच्या उलट. ‘योहान बाप्तिस्मा’ त्याने माणसापेक्षा मोठ्या मापाचा घडवला. साचा काढल्याचा आळ आता घालायचा कसा? निसर्ग न सोडता त्याने मापच सोडलं.

आणि विसाव्या शतकात आळच उरला नाही. 1960 च्या दशकात शिल्पकार जॉर्ज सीगलने ओळखीच्या माणसांना दवाखान्यातल्या प्लास्टरच्या पट्ट्यांत गुंडाळून पुतळे केले; पुढे अँटनी गॉर्मली स्वतःच्याच अंगाचे साचे घेऊ लागला. ते लपवायची गरज दोघांनाही वाटली नाही. माप जुळतं की नाही, हे विचारायला कोणी गेलं नाही. माणूस कोण निवडला, त्याला कुठे आणि कसा उभा केला, यावर चर्चा झाली.